अमानत आणि एकतर्फी दार

माणूस आपली एखादी चीज दुसऱ्याच्या हवाली करतो, तेव्हा तो नेमके काय हवाली करतो? भांडे असेल, दागिना असेल, शेळी असेल तर उत्तर सोपे. चीज डोळ्यांसमोर असते, परत आली की ओळखता येते, आली नाही तर चार माणसांत बोलता येते. पण जिला वजन नाही, वास नाही, जी मुळात आकड्यांची एक ओळ आहे, अशी चीज कुणी ठेवून घेतली तर त्याने काय ठेवून घेतले? हा प्रश्न लहान मुलांसमोर आला तो एका खेळातून. त्या खेळाचे नाव पोकेमॉन.

आपल्याकडे बहुतेक घरांत पोकेमॉन म्हणजे टीव्हीवरचा पिवळा पिकाचू. पण चित्रमालिका नंतरची; आधी होता तो खेळ. २७ फेब्रुवारी १९९६ रोजी जपानमध्ये गेम बॉय या हातात मावणाऱ्या यंत्रासाठी त्याच्या लाल आणि हिरवी अशा दोन कॅसेट विक्रीला आल्या. खेळ रचणारे सातोशी ताजिरी लहानपणी टोकियोजवळच्या माचिदात किडे पकडत हिंडत. पुढे तिथली शेते आणि तळी इमारतींखाली गेली. दोन गेम बॉय एका तारेने जोडता येतात हे पाहिल्यावर त्या तारेतून किडा सरपटत एका यंत्रातून दुसऱ्यात चालला आहे, असे चित्र त्यांच्या डोळ्यांपुढे आले. म्हणजे या खेळात पकडणे जितके मूळचे, तितकेच देणेही मूळचे. १५१ प्राण्यांपैकी काही फक्त लाल कॅसेटमध्ये सापडत, काही फक्त हिरवीत. एकट्याने कितीही रात्री जागवल्या तरी संग्रह पुरा होत नसे. दुसऱ्याच्या दारी जावेच लागे.

त्यातही चार प्राणी असे होते की ते आपल्या घरात शेवटचे रूप घेतच नसत. कडाब्रा, मशोक, ग्रॅव्हलर आणि हॉन्टर. कितीही लढवा, कितीही वाढवा, ते अडूनच राहायचे. तारेतून दुसऱ्याच्या यंत्रात गेले की लगेच त्यांचे रूपांतर व्हायचे. आता ज्याने हॉन्टरला महिनाभर वाढवले, त्याला त्यातून होणारा गेंगार स्वतःकडे हवा असणार. म्हणून मुले आपसात ठरवीत : मी तुला माझा देतो, तुझ्याकडे तो बदलला की परत दे. हा करार यंत्राला ठाऊक नव्हता. पहिली देवघेव झाली की यंत्राच्या लेखी व्यवहार संपला. समोरच्याने तार काढून घेतली आणि तो घरी निघून गेला, तर दाद मागायला जागा नव्हती. मधल्या त्या थोड्या वेळात प्राणी दुसऱ्याचा असतो आणि नसतोही. आपल्या बोलीत यालाच अमानत म्हणतात. कागद नाही, साक्षीदार नाही, फक्त समोरच्याची नियत. खेळाच्या कर्त्यांना मुलांना नीतिपाठच द्यायचा होता, असे आम्ही म्हणणार नाही. पण शाळेतल्या मूल्यशिक्षणाच्या तासाला जे साधत नाही, ते त्या हातभर तारेने पुष्कळ ठिकाणी साधले असावे.

२००१ साली सौदी अरेबियातील धर्माधिकाऱ्यांनी फतवा काढून पोकेमॉनच्या खेळांना आणि पत्त्यांना मनाई केली, तेव्हा एक आक्षेप असा होता की यातल्या देवघेवीला जुगाराचे रूप येते. पत्त्यांचा बाजार ज्यांनी पाहिला आहे, त्यांना हा आक्षेप अगदीच पोकळ वाटणार नाही. छापील पत्त्याला दर फुटतो, आणि दर फुटला की मुले तो पणाला लावू लागतात. पण तारेतली देवघेव वेगळी. तिथे पणाला काही लागत नाही. दोघेही काही देतात आणि दोघेही काही घेतात. तिच्यातला धोका जुगाराचा नाही, विश्वासघाताचा आहे. हे दोन धोके एकाच पारड्यात घालणे आम्हाला पटत नाही.

आता ती आकड्यांची ओळ जरा जवळून पाहू. प्रत्येक प्राण्याच्या नोंदीत त्याला पहिल्यांदा पकडणाऱ्याचे नाव आणि एक क्रमांक असतो. प्राणी दहा हातांतून फिरला तरी ही नोंद बदलत नाही. नव्या मालकाकडे तो दीडपट वेगाने शिकतो. पण मालकाची पदके कमी आणि प्राणी फार वाढलेला, असे असेल तर तो हुकूम मानत नाही, भर लढाईत झोपून जातो. पहिल्याने ठेवलेले टोपणनाव नव्या मालकाला जुन्या खेळांत बदलता येत नसे. थोडक्यात, ताबा बदलतो, नाते बदलत नाही. थोरल्या भावाने धाकट्याला दिलेला प्राणी वीस वर्षांनीही थोरल्याच्याच नावाने ओळखला जातो, मग थोरला हयात असो वा नसो. अशा प्राण्याला नुसते आकडे म्हणणारा माणूस उद्या वडिलांच्या पत्राला नुसती शाई म्हणेल.

पण आकडे ते आकडेच, हेही मुलांनीच शोधून काढले. देवघेव चालू असताना नेमक्या क्षणी तार ओढली, की एक प्राणी दोन्ही यंत्रांत राहतो : तेच नाव, तोच क्रमांक, तीच ताकद. बदल्यात दिलेला दुसरा प्राणी मात्र दोन्हीकडून नाहीसा होतो. म्हणून मुले बदल्यात नको असलेला, रस्त्यात सापडलेला प्राणी ठेवीत. आता त्या जुळ्यांतला खरा कोणता? आम्हाला वाटते, हा प्रश्न चुकीच्या जागी विचारला जातो. दोन्ही खरे आहेत, कारण दोघांचाही भूतकाळ खरोखर घडलेला आहे. खोटा तो, ज्याचा भूतकाळ कुणी बसून लिहिला. २०२४ साली जपानमध्ये कोची पोलिसांनी एका माणसाला अटक केली. आकडे फिरवून हवे तसे पोकेमॉन तयार करून तो ते विकत होता. त्याचा माल तोलून पाहिला तर मेहनतीने वाढवलेल्या प्राण्याहून रेसभरही कमी भरला नसता. कमी होती ती फक्त घडलेली गोष्ट.

हे ध्यानात घेतले की प्रवासाचा प्रश्न नीट कळतो. १९९९ साली सोनेरी आणि चंदेरी या नव्या कॅसेट आल्या. जुन्या कॅसेटमधले प्राणी त्यांत आणायला एक खास यंत्रणा ठेवली होती. तिला कालकुपी म्हणू. या कुपीत एक गंमत होती. जुन्या नोंदीत एका ठिकाणी तो प्राणी पकडायला किती सोपा, याचा आकडा असे. नव्या खेळात नेमक्या त्याच जागी प्राण्याच्या हातात कोणती वस्तू आहे, हे लिहिलेले असे. त्यामुळे जुन्या मुलखात रिकाम्या हाती असलेला प्राणी नव्या मुलखात काहीतरी हातात घेऊन उतरे. आकडा तोच, वाचणारा बदलला. परत जाण्याची वाटही होती. अट एवढीच की नव्या मुलखातली विद्या शिकलेली नसावी. शिकला, की जुन्या गावाला तो कळत नाही.

२००२ साली वाटच तुटली. रूबी आणि सफायर या कॅसेट नव्या यंत्रावर आल्या, प्राण्याची नोंद ठेवण्याची पद्धत मुळातून बदलली आणि आधीच्या कॅसेटमधून कुणालाही आत येता येईना. जे मागे राहिले ते कॅसेटमधल्या नाण्याएवढ्या बॅटरीच्या आधारावर राहिले. सोनेरी आणि चंदेरीत त्याच बॅटरीवर घड्याळही चाले, म्हणून ती लवकर संपे. संपली की आतला सारा संसार पुसला जाई. कुणी मारले नाही, कुणी चोरले नाही. कपाटात ठेवलेली कॅसेट एक दिवस लावून पाहिली, तर आत कुणीच नाही.

२००६ साली डायमंड आणि पर्लमध्ये दार पुन्हा उघडले, पण ते एकाच बाजूने उघडणारे होते. रूबीच्या पिढीचे सहा प्राणी एका वेळी नव्या यंत्रात नेता येत. तिथे एका बागेत त्यांना पुन्हा पकडावे लागे आणि जुन्या कॅसेटमधून ते कायमचे पुसले जात. पोहण्याची किंवा उडण्याची खास विद्या ज्याला येते, त्याला ती विसरल्याशिवाय दारातून सोडत नसत. २०१० साली पुढच्या दाराशी हातातली वस्तूही मागे ठेवावी लागली. २०१३ च्या डिसेंबरात जपानमध्ये पोकेमॉन बँक सुरू झाली : तीन हजार प्राण्यांना जागा, वर्षाला ५०० येन. २०२० साली पोकेमॉन होम आले. बँकेतून तिथे जाता येते, परतता येत नाही.

सगळ्यांत विलक्षण गोष्ट २०१७ ची. १९९६ चा खेळ नव्या यंत्रासाठी पुन्हा काढला होता, आणि त्यातले प्राणी बँकेमार्गे आजच्या पिढीत आणण्याची सोय झाली. अडचण अशी की नव्या खेळात प्रत्येक प्राण्याला एक स्वभाव असतो : कुणी भित्रा, कुणी हट्टी. जुन्या नोंदीत स्वभावाचा रकानाच नव्हता. मग तो आणायचा कुठून? कर्त्यांनी ठरवले की प्राण्याने आजवर जो अनुभव मिळवला, त्या आकड्यावरून स्वभाव काढायचा. २५ ने भागायचे आणि बाकी पाहायची. हिशेब यांत्रिक आहे, त्यात फार अर्थ शोधू नये. तरीही सरहद्दीवर कारकुनाला एखादा रकाना रिकामा दिसतो आणि तो हाताशी असेल त्यावरून भरतो, हे दृश्य आपल्याला अनोळखी नाही.

मग पोहोचतो तो तोच प्राणी असतो का? आपल्याकडच्या वाकळीला दर वर्षी एक ठिगळ लागते, आतले जुने लुगडे झिजून जाते, तरी घरात ती आजीचीच वाकळ असते. ती कापडामुळे आजीची राहत नाही. घरातल्या माणसांना ती आजीची म्हणून ठाऊक असते आणि पिढ्यान्‌पिढ्या ती तशीच हवाली केली जाते, म्हणून राहते. प्राण्याची विद्या गेली, वस्तू गेली, स्वभाव नव्याने लिहिला; पण पहिले नाव आणि घडलेला प्रवास शाबूत आहे, तोवर आमच्या मते तो तोच आहे. पण हे मान्य केले, की त्याच्या असण्याचा सगळा भार सांभाळणाऱ्यावर येऊन पडतो.

म्हणूनच २०१९ चा वाद आम्हाला पोरखेळ वाटत नाही. त्या वर्षी जूनमध्ये निर्माते जुनिची मासुदा यांनी सांगितले की स्वोर्ड आणि शील्ड या नव्या खेळांत सगळे जुने प्राणी आणता येणार नाहीत. संख्या आठशेवर गेली आहे, प्रत्येकाची नवी हालचाल चितारायची, समतोल राखायचा, हे झेपणारे नाही, असे त्यांचे म्हणणे होते. नोव्हेंबरात खेळ आला तेव्हा त्यात चारशे जातींना प्रवेश होता. लोक भडकले. काहींची भाषा असभ्य होती, तिचे समर्थन नाही. मासुदांची अडचण खरी होती, आणि प्रत्येक नव्या घरात प्रत्येक जुन्या पाहुण्याला खोली द्यावी, असा कुणाचा हक्क नाही. दोनशेवर जातींना पुढे २०२० मध्ये जागा मिळालीही. पण भडकलेल्यांच्या तक्रारीत एक गोष्ट होती, तिचे उत्तर या सबबीत नाही. दारे एकतर्फी कुणी केली? जुन्या घरातून प्राणी पुसूनच पुढे न्यायचा, हा नियम कंपनीचा. परतीची वाट बंद करणाऱ्याने पुढची वाट उघडी ठेवण्याची जबाबदारी घेतलेली असते, मग तसे कागदावर लिहिलेले असो वा नसो. त्यात वर्षाचे पैसे घेऊन ठेव ठेवली, की तो दुकानदार उरत नाही, अमानतदार होतो. गाळा बंद करणे दुकानदाराच्या मर्जीवर आहे. अमानतदाराला आधी ज्याचे त्याला पोहोचवावे लागते.

कंपनीने हे अगदीच ओळखले नाही, असेही नाही. २७ मार्च २०२३ रोजी त्या जुन्या यंत्राचे दुकान बंद झाले, तेव्हा बँकेचे शुल्क माफ केले. एप्रिल २०२४ मध्ये त्या यंत्रावरचा बाकी ऑनलाइन खेळ थांबवला, तरी बँक तेवढी चालू ठेवली. मात्र ज्याने दुकान बंद होण्याआधी बँक आपल्या यंत्रात उतरवून घेतली नव्हती, त्याला आता ती मिळत नाही. त्याचे प्राणी त्याच्या कॅसेटमध्ये धडधाकट आहेत, पलीकडे होममध्ये जागाही आहे, आणि मधला पूल त्याच्या बाजूला कधी टेकलाच नाही. जे पलीकडे पोहोचले, त्यांतही ज्यांच्या जातीला नव्या खेळात प्रवेश नाही, ते होमच्या खणांत आहेत. बोट ठेवले की चित्र दिसते, आणि खाली पहिल्यांदा पकडणाऱ्याचे नाव.