पांखरांस आपली वेळ कळते
(यिर्मया ८:७)



वर दिलेलें वचन आपापल्या घरीं उघडून वाचावें. करकोचा, होला इत्यादि पांखरांस आपली येण्याजाण्याची वेळ ठाऊक असते, परंतु देवाच्या लोकांस देवाचा नियम ठाऊक नाहीं, असा शोक यिर्मया भविष्यवादी करितो. हा दृष्टांत त्यानें कोठून तरी ऐकून घेतलेला नाहीं. यहूदा देश यूरोप व आफ्रिका यांमधील पांखरांच्या वाटेवरच आहे. वर्षांतून दोन वेळां करकोच्यांचे मोठमोठे थवे त्या देशावरून जात, व आजही जातात.

त्याच प्रकारचें, पण फार लहान असें एक पांखरूं यूरोपांत आहे. त्यास रॉबिन म्हणतात. छाती तांबूस नारिंगी, आणि वजन सुमारें दीड तोळा. (आपल्या कुंपणावरील चिरक व दयाळ यांसही इंग्रजींत रॉबिन हेंच नांव लावितात, पण ते पक्षी निराळे, ते बारमास येथेंच राहतात.) नॉर्वे, स्वीडन, फिनलंड या थंड देशांतील रॉबिन सप्टेंबर-आक्टोबरांत दक्षिणेस व पश्चिमेस निघतात. कित्येक स्पेनपर्यंत, तर कित्येक समुद्र ओलांडून आफ्रिकेच्या उत्तर किनाऱ्यापर्यंत जातात, व वसंतांत परत येतात. ते रात्रीं उडतात. त्याच वर्षीं अंड्यांतून निघालेलें पिलूं, आईबाप वाट दाखवीत नसतांही, निघून जातें. इंग्लंडांतील रॉबिन मात्र बहुतेक हिंवाळाभर तेथेंच राहतात. जाणारा आणि राहणारा, दोघांचाही उत्पन्नकर्ता एकच आहे. म्हणून दिवाळीच्या सुमारास कोयता घेऊन साखर कारखान्याकडे जाणाऱ्या आपल्या बांधवांस घरीं राहिलेल्यांनीं हलकें लेखूं नये. मुकादमाची उचल फेडावयाची आहे, लेंकरांस भाकर पाहिजे. यांत पाप तें कोणतें?

आतां हें पांखरूं अंधारांत दिशा कशी ओळखतें? जर्मनी देशांतील फ्रांकफुर्ट येथें वोल्फगांग विल्चको या पंडितानें १९६० नंतरच्या वर्षांत तें शोधून काढिलें. त्यानें रॉबिन पिंजऱ्यांत ठेविले, आणि भोंवतीं तारांचीं वेटोळीं लावून विजेच्या योगानें चुंबकाची उत्तर दिशा फिरविली. तेव्हां पांखरांनींही आपलें तोंड फिरविलें. पृथ्वीच्या ठायीं असलेली चुंबकशक्ति त्यांस जाणवते. ही जाण देवानें त्यांस जन्मतःच दिली आहे.

याहून नवलाची गोष्ट पुढें आहे. त्याच देशांतील ओल्डनबुर्ग शहरांत रॉबिनांस ठेविलें असतां त्यांस दिशाच सांपडेना. वर्षांमागून वर्षें असें झालें. शेवटीं त्यांच्या लांकडी खोपटांस आंतून अल्युमिनियमचे पत्रे ठोकिले व ते तारेनें जमिनीशीं जोडिले; तोंच पांखरांस दिशा कळूं लागली. जमिनीशीं असलेला जोड तोडिला, कीं पुन्हा गोंधळ. गांवाबाहेर नेऊन पाहिलें, तर पत्र्यांवांचूनही दिशा बरोबर. शहरांतील विजेच्या यंत्रांपासून निघणाऱ्या अति सूक्ष्म लहरींचा हा परिणाम होता. हें संशोधन २०१४ सालीं प्रसिद्ध झालें. त्या लहरी कानास ऐकूं येत नाहींत, आणि त्यांनीं पांखरांची जाण मारिलीही नव्हती, ती केवळ झांकिली होती.

बंधूंनो, तळावरच्या कोपींत आमचें असेंच होतें. ऊस तोडण्यास गेलेला विश्वासी एके दिवशीं उठून प्रभूस नाकारीत नाहीं. पहांटे अंधारांत फडावर जावयाचें म्हणून सकाळची प्रार्थना राहते. मग गाडी भरावयाची म्हणून रविवार जातो. रात्रीं थकवा घालविण्याकरितां कोणी पेला पुढें करितो; नाहीं तर हातांतला मोबाइल झोंप येईपर्यंत बडबडत असतो. एकही गोष्ट मोठी नाहीं, म्हणूनच कोणी तिला भीत नाहीं. पांच महिन्यांनीं तो मनुष्य परत येतो, आणि मंदिराच्या दारावरून मान खालीं घालून जातो. आपण नाशास गेलों असें त्यास वाटतें. नाहीं, भाऊ! दिशा तुझ्यांत आहे. प्रभूनें ती काढून घेतलेली नाहीं.

कोपीस पत्रे ठोकावयास कोणी सांगत नाहीं. परंतु नवराबायको व लेंकरें निजण्यापूर्वीं दिवा जवळ घेऊन दहा मिनिटें बसूं शकतात. वाचतां येत नसेल तर पाठ असलेलें एक गीत म्हणावें. परमुलखांत गेलेला रॉबिन, नर असो कीं मादी, तेथेंही हिंवाळ्यांत गातो. बाबेलांत नेलेल्या लोकांनीं वीणा झाडांस टांगिल्या, हें १३७ व्या स्तोत्रांत आहे. त्यांचें दुःख खरें होतें, आणि तरी तेंही गीतच झालें.

उपदेशक बंधूंस एक विनंति. टोळ्या निघण्यापूर्वींच्या रविवारीं जाणाऱ्या प्रत्येक कुटुंबासाठीं नांव घेऊन प्रार्थना करा. कारखाना व मुकादम कोण तें लिहून ठेवा, आणि त्या भागांतील पाळकास पत्र टाका. एकाच तळावर आपलीं दोन-तीन घरें असतील तर वाचन कोणी करावें तें येथूनच नेमून द्या. म्हातारीं माणसें व शाळेचीं मुलें मागें राहतात, त्यांच्या घरीं आठवड्यास एकदां तरी जा. आणि माणसें परत येतील त्या आठवड्यांत त्यांच्या येण्याची वाट पाहत बसूं नका. संध्याकाळीं आपणच त्यांच्या दारीं जाऊन बसा. कोणाचें नांव पटावरून खोडलें असेल तर तें आधीं पुन्हा लिहा, चौकशी मागाहून करा.