पाठ फिरल्यावर

मराठीतला 'पाठ' हा शब्द मोठा खोडकर आहे. 'तो पाठ' म्हटले की धडा, आणि 'ती पाठ' म्हटले की शरीराची मागची बाजू, जिला देवाने डोळे दिले नाहीत. शाळेच्या वर्गात या दोन्ही गोष्टी एकाच वेळी हजर असतात. गुरुजी फळ्यावर पाठ लिहितात आणि तेवढा वेळ मुलांकडे पाठ करतात. मुलांचे लक्ष या दोहोंपैकी कशाकडे अधिक असते, हे ज्याने सहावी-सातवीचा वर्ग एक दिवस जरी सांभाळला असेल त्याला सांगायला नको.

या दुसऱ्या पाठीवर अलीकडे मोबाइलचे खेळ निघाले आहेत. पडद्यावर एक वर्ग दिसतो. फळ्याकडे तोंड करून बाई काहीतरी लिहीत असतात आणि बाकावर आपला पोरगा बसलेला असतो. बाईंची पाठ आहे तोपर्यंत त्याने डबा खायचा, नाच करायचा, पुढच्याच्या डोक्यावर कागदाचा बोळा मारायचा. बाई वळल्या की क्षणात हाताची घडी, तोंडावर बोट, आणि चेहरा गरीब गाईसारखा. वळत्या क्षणी हात हलताना दिसला की खेळ खलास. पूर्वी पोरे अंगणात 'स्टॅच्यू' खेळत, त्याचाच हा धाकटा भाऊ म्हणायचा.

आमच्या उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूर या पट्ट्यात मुलांच्या हाती मोबाइल लवकर येतो, याला कारण आहे. बदलापूरपासून मुंबईचे छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस सुमारे ६८ किलोमीटर. कित्येक घरांतले आईबाप पहाटेची लोकल पकडतात आणि दिवेलागणीनंतर परततात. मधल्या वेळात घरात मूल आणि मोबाइल. त्या मुलाकडे आईबापांची पाठ असते ती हौसेने नव्हे, पोटासाठी. तेव्हा मोबाइलच्या नावाने बोटे मोडण्याआधी हा खेळ आहे तरी काय, हे पाहावे म्हणून मी सातवीतल्या एका विद्यार्थ्याचे शिष्यत्व पत्करले. "सर, तुम्ही हावरटपणा करता," हा त्याचा माझ्या खेळावरचा पहिला अभिप्राय. मग त्याने मला या विद्येचे चार नियम सांगितले. बाईंच्या हाताकडे पाहू नये, खांद्याकडे पाहावे. वळण्याआधी खांदा हलतो. बाई किती वेळाने वळतात ते मोजू नये, कारण त्या दर वेळी तेवढ्याच वेळाने वळत नाहीत. आवाज बंद करून खेळू नये. खडूचा आवाज थांबला की समजावे. आणि शेवटचा, सर्वांत कठीण नियम: डब्यात एकच घास उरला असला तरी तो याच वेळी खायचा, असा हट्ट धरू नये. "सर, शेवटच्या घासालाच सगळे पकडले जातात."

हे नियम ऐकून मी मनात हसलो. सारा वर्ग आपल्याकडे लक्ष देईल तर किती बरे, असे प्रत्येक शिक्षकाला वाटते. इथे तर शिक्षकाच्या खांद्याच्या हालचालीपर्यंत लक्ष देणारा विद्यार्थी तयार झालेला! अवधान आहे, धीर आहे, लोभ आवरणे आहे. खऱ्या वर्गातला खोडकर मुलगाही असाच असतो. गुरुजींना ठसका कधी लागतो, चष्मा कधी वर जातो, हे पहिल्या बाकावरच्या हुशार मुलापेक्षा त्यालाच अधिक ठाऊक असते.

परंतु हसून झाल्यावर प्रश्न उरतो. दुसऱ्याच्या पाठीमागे काही करणे, आणि तो वळला की साळसूद बसणे, ही लबाडी नव्हे काय? ज्या खेळात ही कला जिंकते, तो मुलांना कपट शिकवतो, असे काही पालक म्हणतात. "अहो, खेळच तो, पोरे दोन दिवसांत विसरतील," असे दुसरे म्हणतात. मला दोघांचेही म्हणणे अपुरे वाटते.

दिवाळीचे दिवस आहेत, तेव्हा घरातलेच उदाहरण घ्या. फराळाचे डबे भरून झाले आहेत. नैवेद्याच्या आधी कोणी हात लावायचा नाही, अशी आईची ताकीद आहे. आई चुलीकडे वळते, आणि मागे झाकण अगदी हलके वाजते. आईला ते ऐकू येत नाही, असे ज्याला वाटते त्याला आई कळलेली नाही. ती मुद्दाम आणखी थोडा वेळ कढईत झारा फिरवत राहते. ती चकली चोरीची खरी, पण तिला पाप म्हणणारा माणूस घरात ठेवू नये. का बरे? कारण त्या चकलीची किंमत दुसऱ्या कोणाला मोजावी लागलेली नाही. आता तेच झाकण धाकट्या भावाच्या माथी मारले गेले, आणि तो मार खात असताना थोरला गप्प बसला, की तीच चकली विषारी झाली. चोरी तेवढीच, पाठ तीच. मधे फक्त एक धाकटा भाऊ आला.

लोकमान्य टिळकांच्या बालपणाची म्हणून शेंगांच्या टरफलांची गोष्ट आपण सारे ऐकत आलो. वर्गात टरफले पडलेली होती, कोणी कबूल होईना, म्हणून गुरुजींनी सर्वांना ती उचलायला सांगितले. आणि ज्याने शेंगा खाल्ल्या नव्हत्या त्या टिळकांनी नकार दिला. या गोष्टीत आपण नेहमी टिळकांकडे पाहतो, आणि ते योग्यच आहे. पण ज्यांनी शेंगा खाल्ल्या त्या मुलांकडे कोणी पाहत नाही. गुरुजींची पाठ असताना शेंगा फोडण्यात मजा होती, आणि तेवढ्यावर कोणी त्यांना दुष्ट म्हणणार नाही. पण शिक्षा साऱ्या वर्गावर येते आहे असे दिसत असताना ती मुले तोंड मिटून बसली, तेव्हा खोडीची लबाडी झाली. गुन्हा शेंगांचा नव्हता, टरफलांचा होता.

मोबाइलच्या खेळातले उणे नेमके हे आहे: त्यात टरफले नाहीत. डबा खाल्ला तरी शेजारच्याला रागावणे नाही, बोळा लागला तरी पुढच्या मुलाचे रडणे नाही. बाई फसल्या तरी त्यांचे मन दुखावत नाही, कारण त्यांना मनच नाही. पकडला गेला तो एकटा पकडला जातो, आणि पुन्हा बोट लावले की डाव नव्याने सुरू. या खेळाने मूल कपटी होईल असे मला वाटत नाही. मात्र आपल्या मजेचा कचरा कोण उचलतो हा प्रश्न त्यात कधी विचारलाच जात नाही, आणि तो विचारायची सवय दुसरीकडून लावावी लागते.

ही सवय लागली नाही तर काय होते, ते पाहायला लांब जायला नको. अंबरनाथचे शिवमंदिर शिलालेखाप्रमाणे शके ९८२ मधले, म्हणजे इसवी सन १०६० चे. शिलाहारांच्या काळातले ते काम. देवळात येणारा समोरून येतो आणि समोरून जातो. तरी मागच्या अंगाच्या भिंतीही कारागिरांनी कोऱ्या ठेवल्या नाहीत. तिथेही तितकीच मूर्ती, तितकीच नक्षी. त्या माणसांनी देवळाच्या पाठीमागे काय केले, ते आज साडेनऊशे वर्षांनंतरही दिसते. आणि त्याच देवळाजवळून वालधुनी नदी वाहते. नोव्हेंबर २०१४ मध्ये उल्हासनगरात या नदीच्या प्रवाहात रात्रीच्या अंधारात टँकरमधून घातक रसायने सोडली गेली. आसपासच्या शेकडो लोकांना मळमळ आणि श्वासाचा त्रास सुरू झाला, लोकांना रुग्णालयात न्यावे लागले. गाव झोपले आहे, म्हणजे बाई फळ्याकडे वळल्या आहेत. तेवढ्यात आपले काम उरकून घ्या, हाच तो खेळ. फक्त इथली टरफले शेजाऱ्यांच्या छातीत गेली. ज्यांनी हे केले तीही कधीतरी कुठल्यातरी बाकावर बसलेली मुलेच होती.

'कोणी पाहत नसताना कसे वागावे' हा प्रश्न फार जुना. जातककथांत त्याची एक सुंदर गोष्ट आहे. बनारसच्या एका आचार्यांनी आपल्या पाचशे शिष्यांना सांगितले, "माझ्या मुलीचे लग्न आहे. तुम्ही आपापल्या घरून वस्त्रे आणि दागिने आणा. पण कोणी पाहणार नाही अशा रीतीनेच आणा." सगळे शिष्य लपवून काहीबाही घेऊन आले. एकटा रिकाम्या हाताने आला. आचार्यांनी विचारले तेव्हा तो म्हणाला की कोणी पाहत नाही अशी जागाच मला सापडली नाही. मी स्वतः तर सगळीकडे होतोच. आचार्यांना हवा होता तो हाच शिष्य, आणि मुलगी त्यालाच मिळाली. गोष्टीत माझ्यातल्या मास्तराला अधिक आवडते ती आचार्यांची युक्ती. त्यांनी शिष्यांवर पहारा ठेवला नाही. उलट त्यांच्याकडे पाठ केली, आणि त्या पाठीमागे कोण काय करतो यावरून माणूस ओळखला.

हे आज आठवण्याचे कारण गंभीर आहे. ऑगस्ट २०२४ मध्ये बदलापुरातल्या एका शाळेत दोन चिमुकल्या मुलींवर अत्याचार झाल्याचे उघडकीला आले. २० ऑगस्टला लोकांचा संताप रेल्वेच्या रुळांवर उतरला आणि कित्येक तास गाड्या बंद राहिल्या. त्यानंतर शाळांनी सीसीटीव्ही कॅमेरे बसवलेच पाहिजेत, असा सक्त आदेश राज्य शासनाने काढला. आमच्या गावातल्या आईबापांचे त्या दिवसांतले चेहरे ज्याने पाहिले, तो या कॅमेऱ्यांना नको म्हणणार नाही. मोठ्या माणसांपासून लहानांचे रक्षण करायला जितके डोळे असतील तितके थोडेच.

माझी शंका वेगळी आहे. मी मॅट्रिकपलीकडे शिकलो नाही, त्यामुळे पंडितांची नावे घेताना जरा बिचकतो. पण इंग्लंडात जेरेमी बेंथॅम नावाचा एक विचारवंत होऊन गेला. १७९१ साली त्याने एका तुरुंगाची कल्पना छापून प्रसिद्ध केली. मधोमध मनोरा, भोवती गोलाकार कोठड्या. मनोऱ्यातल्या पहारेकऱ्याला सारे कैदी दिसावेत, पण कैद्यांना तो दिसू नये. म्हणजे तो पाहत असो वा नसो, कैदी आपोआप नीट वागतील. हीच रचना शाळांनाही चालेल, असे त्याने त्याच पुस्तकात सुचवले होते. कॅमेरा म्हणजे तो मनोरा. त्याला खांदा नाही, खडू नाही, आणि मुख्य म्हणजे त्याला पाठ नाही.

मुलांच्या रक्षणासाठी लावलेला डोळा जर त्यांच्या प्रत्येक कुजबुजीवर, प्रत्येक कागदाच्या बोळ्यावर रोखला गेला, तर मूल दोनच गोष्टी शिकेल: डोळा असेल तिथे गप्प बसणे, आणि डोळा नसेल ती जागा शोधणे. शाळा सुटल्यावर जगात डोळा नसलेल्या जागा पुष्कळ आहेत. वालधुनीचा काठ त्यांपैकी एक. मी कादंबऱ्या लिहितो, आणि त्या धंद्यातही हाच अनुभव येतो. पात्राच्या मानगुटीवर लेखक सतत बसून राहिला की पात्र बाहुली होते. त्याच्याकडे थोडी पाठ केली की मगच ते स्वतःचे असे काही करते, आणि ते कोण आहे हे तेव्हा कळते.

"सर, पाठ फिरवली की वर्गात नुसती खोडी होत नाही, दुबळ्या पोराला चिमटेही बसतात," असे कोणी म्हणेल, आणि ते अगदी खरे आहे. म्हणून पाठ फिरवणे म्हणजे दुर्लक्ष करणे नव्हे. कढईत झारा फिरवणाऱ्या आईचा कान डब्याकडे असतो, तसा शिक्षकाचा कान वर्गाकडे हवा. हसण्याचा आवाज आला तर खडू चालू ठेवावा. रडण्याचा आला तर त्याच क्षणी वळावे. आणि ज्याला चिमटा बसला त्याला मोठ्याने "सर!" म्हणायची भीती वाटू नये, एवढा भरवसा आधी कमावून ठेवावा. पाठ फिरवण्याचा अधिकार शिक्षकाला या भरवशावरच मिळतो.

मोबाइलमधल्या बाई वळतात त्या फक्त पकडायला. खऱ्या शाळेतले गुरुजी पकडायला वळतात, कधी काणाडोळा करून पुन्हा फळ्याकडे वळतात, आणि कधी वर्गावर नुसती नजर टाकून उभे राहतात, की ज्याने केले असेल त्याने आपण होऊन उठावे. हा शेवटचा प्रकार कोणत्याही खेळात बसवता येणार नाही. तो मुलगा उठला नाही तर शिक्षकाने रागावण्यापेक्षा वाट पाहावी. कधी तास संपल्यावर दाराशी घुटमळतो, कधी आठ दिवसांनी सांगतो. पण एकदा आपण होऊन उठलेला मुलगा पुढे रात्री नदीवर टँकर नेईल, असे मला वाटत नाही.

तेव्हा या सुट्टीत पोर मोबाइल घेऊन कोपऱ्यात बसले तर तो लगेच हिसकावू नका. शेजारी बसा, खांद्याकडे पाहायची युक्ती शिकून घ्या, आणि दोन डाव हरूनही दाखवा. मग फराळाचे ताट पुढे ओढता ओढता सहज विचारा: "काय रे, तू बाईंच्या मागे एवढा डबा फस्त केलास, खाली सांडलेले उचलले कोणी?" पोर आधी हसेल. मग थोडे थांबून विचार करील. त्या वेळी तुम्ही खुशाल उठून स्वयंपाकघरात जा, आणि त्याच्याकडे पाठ करा.