अनुबोध कोणाचा?

'अनुबोधपट' या मराठी संज्ञेत एक नैतिक गृहीतक दडलेले आहे. बोध देणारा एक, घेणारा दुसरा आणि ज्याच्याविषयी बोध द्यायचा तो विषय मूक, अशी ती त्रिपुटी आहे. विषय जेव्हा स्वतःच बोलू शकणारा माणूस असतो, तेव्हा या त्रिपुटीचे काय होते? फिनलंडचे चित्रपटकार मार्क्कू लेहमुस्कालिओ (जन्म १९३८) यांची कारकीर्द हा प्रश्न टोकदारपणे उभा करते.

लेहमुस्कालिओ हे मूळचे वनव्यावसायिक. वनविषयक शैक्षणिक चित्रपटांपासून त्यांनी आरंभ केला. तेथे ही त्रिपुटी निर्वेध चालते. शिकवणाऱ्याजवळ ज्ञान असते, शिकणाऱ्याला त्याची गरज असते आणि झाडाला स्वतःविषयी काही सांगायचे नसते. मात्र 'स्कीएरी' (१९८२) या चित्रपटात कॅमेरा सामी लोकांकडे, आणि पुढे सायबेरियातील यामाल भागातील नेनेत्स लोकांकडे वळला, तेव्हा हीच भूमिका शंकास्पद झाली. रेनडिअर पाळणारी ही माणसे स्वतःच्या जगण्याचा अर्थ आपल्या भाषेत व गाण्यात आधीच लावत आली आहेत. त्यांना 'समजावून सांगणे' म्हणजे त्यांनी लावलेला अर्थ बाजूला सारणे होय.

या पेचातून पुढची वाट सहदिग्दर्शनाची होती. अनास्तासिया लाप्सुइ (जन्म १९४४) या नेनेत्स नभोवाणी-पत्रकार १९९० च्या दशकापासून त्यांच्यासह चित्रपट करू लागल्या. येथे आक्षेप संभवतो, की विषयाच्या प्रतिनिधीला दिग्दर्शकाच्या आसनावर बसवल्याने सत्तासंबंध पालटतो काय? निर्मितीची साधने बाहेरची आणि प्रेक्षकही बहुतांशी बाहेरचाच. आक्षेप खरा आहे, पण तो पुरेसा नाही. निवेदनाचा अधिकार ज्याच्याकडे जातो, त्याच्याकडे मौन राखण्याचाही अधिकार जातो. काय दाखवू नये, हे आता आतला माणूस ठरवतो.

'टुंड्रावरील सात गाणी' (२०००) या कृष्णधवल चित्रपटात नेनेत्स माणसेच सोव्हिएत काळातील आपला इतिहास अभिनीत करतात. निवासी शाळेसाठी मुलांना तंबूतून, आईपासून नेले जाणे हे त्या इतिहासातील एक प्रकरण. शैक्षणिक चित्रपटांपासून निघालेला कलावंत येथे शिक्षणसंस्थेलाच आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करतो, ही त्या कारकीर्दीतील सर्वांत अर्थगर्भ विसंगती आहे. तरीही हा शिक्षणाचा सरसकट निषेध नव्हे, कारण प्रेक्षकाला चित्रपटही शिकवतोच. भेद पद्धतीचा आहे. ती शाळा मुलाला त्याच्या भाषेपासून तोडून शिकवते. हा चित्रपट प्रेक्षकाला त्याला न येणाऱ्या भाषेसमोर बसवून शिकवतो. पहिल्यात अज्ञान हा दोष ठरतो, दुसऱ्यात ते ऐकण्याचे निमित्त होते.

'जुमालान मोर्सिआन' (२००४), म्हणजे 'देवाची वधू', या चित्रपटात एक वृद्धा आपली जीवनकथा एका अंध मुलीला सांगते. दाखवणे हाच ज्याचा व्यवसाय, त्याने न पाहू शकणारी श्रोती निवडावी, हे सूचक आहे. ही मुलगी वृद्धेला 'विषय' करू शकत नाही. ती केवळ ऐकू शकते. 'अनु' या उपसर्गाचा 'मागोमाग' असाही अर्थ होतो. तो येथे सार्थ ठरतो, कारण बोध पुढे होऊन द्यायचा नसतो, सांगणाऱ्याच्या मागोमाग चालत तो घ्यायचा असतो. आणि तो घेण्याची पाळी प्रथम दिग्दर्शकावरच येते.