चौदा वर्षांच्या मुलीचा प्रश्न

दगडूशेठ हलवाई गणपतीसमोरचा रस्ता दिवसभर वाहत असतो. आत जायला वेळ नसलेला माणूस रस्त्यावरूनच हात जोडतो, एक पाय चपलेतून काढतो, क्षणभर डोळे मिटतो आणि पुढे निघतो. तो गणपतीकडे तोंड करून उभा असतो तेव्हा त्याच्या पाठीमागे भिडे वाड्याची जागा असते. १८४८ साली जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी मुलींची शाळा सुरू केली ती या वाड्यात. वाडा अनेक वर्षे मोडकळीला आलेला होता, त्याच्यावर खटला चालला, शेवटी २०२३ च्या डिसेंबरात तो पाडला गेला. त्या जागी राष्ट्रीय स्मारक करायचे ठरले आहे.

पुण्याच्या पेठांतून बायकांचा इतिहास दाखवत नेणारी फेरी इथून निघावी हे साहजिकच आहे. वाट दाखवणारा सांगू लागतो आणि ऐकणाऱ्यांच्या वह्यांत ‘पहिली’ हा शब्द पुन्हा पुन्हा उतरतो. पहिली शाळा, पहिली शिक्षिका, पहिली डॉक्टर. हे सगळे खरे आहे आणि अभिमानाचे आहे. पण एवढेच ऐकून घरी जाणाऱ्याला वाटते की हा शिक्षणखात्याचा इतिहास आहे. प्रत्यक्षात या गल्ल्यांमधले भांडण धर्माचे होते. मुलींना हिशेब जमणार नाहीत, असे शाळेचे विरोधक म्हणत नव्हते. ते म्हणत होते की बाई शिकली तर नवरा मरतो, घर बुडते, धर्म बुडतो. शाळेत जाणाऱ्या सावित्रीबाईंवर शेण आणि चिखल फेकणाऱ्यांना आपण पाप करतो आहोत असे वाटत नव्हते. उलट धर्म राखल्याचे समाधान घेऊनच ते घरी जात असणार. म्हणून या फेरीत खरा प्रश्न विचारायचा तो हा: धर्म कोणाच्या मालकीचा असतो, आणि ज्याला त्यातून बाहेर ठेवले आहे त्याचा धर्म कोणता?

चार पावलांवर दत्तमंदिर आहे. त्याचे नाव लक्ष्मीबाई दगडूशेठ हलवाई दत्तमंदिर. बायकोच्या नावाने ओळखले जाणारे देऊळ पुण्यात सहज सापडत नाही, म्हणून इथे थांबायला हवे. मात्र याच पेठेत, देवळांच्या घंटा ऐकू येतील इतक्या अंतरावर, शरीरविक्रय करणाऱ्या बायकांची वस्ती आहे. फेऱ्या तिथून जात नाहीत आणि कॅमेरे घेऊन जाऊही नये. जिवंत बाई म्हणजे पाहण्याची वास्तू नव्हे. पण तिकडे न जाण्याचे कारण ऐकणाऱ्यांना सांगितले पाहिजे, नाहीतर गप्प राहणे म्हणजे ती वस्ती नाहीच असे म्हणण्यासारखे होते. पेशवाईत शुक्रवार पेठेतली बावनखणी नायकिणींसाठी प्रसिद्ध होती आणि मोठ्या घरांत विकत घेतलेल्या कुणबिणी राबत होत्या. आज दुरून घंटा ऐकणाऱ्या बाईचा प्रश्न नवा नाही.

हुजूरपागेकडे जायचे तर इथून उलट दिशेला वळावे लागते. पेशव्यांच्या घोड्यांच्या पागेच्या जागेवरची मुलींची शाळा १८८४ साली निघाली आणि तिच्यावरूनही वर्तमानपत्रांत रणे माजली. ती वाट दुसऱ्या दिवसासाठी ठेवावी. प्रश्नाचा माग घ्यायचा असेल तर गुरुवार पेठेकडे जायचे.

तिचे जुने नाव वेताळ पेठ. फुल्यांची एक शाळा या पेठेत होती. त्यांच्या शाळेत शिकणारी मुक्ता साळवे ही मांग समाजातली चौदा वर्षांची मुलगी. तिचा ‘मांग महारांच्या दुःखाविषयीं’ हा निबंध १८५५ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये ‘ज्ञानोदय’मध्ये दोन भागांत छापून आला. त्या निबंधाची आठवण दलित साहित्याच्या आरंभाशी काढतात, ते योग्यच आहे. पण तो मुळात धर्मचिकित्सेचा निबंध आहे, हे पुरेसे सांगितले जात नाही. मुक्ताचा युक्तिवाद साधा आहे आणि त्यातून सुटायला वाट नाही. वेद आमचेच, असे ब्राह्मण म्हणतात. दुसऱ्याने ते नुसते पाहिले तरी पाप लागते, असेही म्हणतात. मग ज्यांना ते पुस्तक पाहताही येत नाही त्यांच्यापाशी धर्मपुस्तक नाही, म्हणजे धर्मच नाही. असे मांडून ती थेट ईश्वरालाच विचारते की आमचा धर्म तू कोणता नेमून दिला आहेस ते सांग, म्हणजे त्याप्रमाणे वागू. आणि ज्या धर्मात एकाने सगळे भोगावे आणि बाकीच्यांनी त्याच्या तोंडाकडे पाहावे, असल्या धर्माचा अभिमान आपल्या मनातही येऊ नये, अशी इच्छा ती व्यक्त करते.

एरवी हा प्रश्न विचारणारा माणूस शास्त्र्याकडे जातो. मुक्ता मधल्या माणसाला ओलांडून देवाकडे गेली. तिच्या आधी दोनशे वर्षे संत बहिणाबाईंनाही वेद बाईच्या कानी पडू देत नाहीत हे सलले होते. वारकरी संप्रदायाने त्यावर नामाची वाट दिली आणि ती फार मोठी गोष्ट आहे. दळता-कांडताना, शेणी थापताना देव भेटतो, त्याला पोथी लागत नाही, हे आश्वासन लाखो बायकांनी जगून खरे केले. तरीही त्या वाटेने पोथीच्या मालकीचा वाद मिटला नाही, बाजूने एक रस्ता निघाला. मुक्ताला बाजूचा रस्ता नको होता. तिला मालकीचा निवाडा हवा होता. निबंधात ती ईश्वराला जाब विचारते आणि त्याच लेखणीने आपल्या समाजातल्या बाळंतिणींचे हाल लिहिते, ज्यांच्या डोक्यावर छप्परही नसते, ज्यांना थंडी-पावसात बाळंत व्हावे लागते. आमच्या बायकांचे काय होत असेल, हे स्वानुभवावरून ताडून पाहा, असे तिचे म्हणणे आहे. धर्मावरचा वाद तिने बाळंतिणीच्या खोपटात आणून ठेवला. मोठमोठ्या पंडितांना ते सुचले नव्हते.

निबंधात इंग्रजी राज्यामुळे थोडा मोकळा श्वास घेता आला याबद्दल ईश्वराचे आभारही आहेत. आजच्या ऐकणाऱ्यांपैकी काहींना ते वाक्य अडचणीचे वाटते. ते गाळू नये. जिच्या माणसांची मुंडकी पेशवाईत तालीमखान्यासमोरून गेल्याबद्दल उडवली जात असल्याचे तिनेच लिहिले आहे, तिला राज्य बदलल्याचे सुख वाटले तर त्यात नवल नाही. मुक्ताचा वाडा दाखवता येत नाही, कारण असा वाडा नाहीच. तिच्यासाठी गल्लीच्या तोंडाशी थांबून ती कोण होती हे मोठ्याने सांगायचे, एवढेच करता येते. ते पुरेसे आहे.

तिथून पंचहौद जवळ. पवित्र नाम मंदिराचा उंच घंटामनोरा लांबून दिसतो. या आवारात इंग्लंडमधल्या वाँटेजच्या ख्रिस्ती भगिनी काम करत होत्या आणि १८८२ साली पुण्यात आलेल्या पंडिता रमाबाईंची त्यांच्याशी ओळख झाली. रमाबाईंच्या वडिलांनी, अनंतशास्त्री डोंगऱ्यांनी, लोकांचा रोष पत्करून आधी बायकोला आणि मग मुलीला संस्कृत शिकवले. भागवत मुखोद्गत असलेली ही मुलगी कलकत्त्याला पोचली तेव्हा तिथल्या विद्वानांनी तिला ‘पंडिता’ आणि ‘सरस्वती’ या पदव्या दिल्या. पण वेद मात्र वडिलांनीही शिकवले नव्हते. पुढे केशवचंद्र सेनांनी तिच्या हातात वेदाची प्रत ठेवली तेव्हा ती आधी कचरली, कारण बाईने ते वाचू नये हे तिच्या मनात लहानपणापासून रुजलेले होते.

इथे उभे राहून मुक्ताची आठवण आली पाहिजे. एक मांग मुलगी, दुसरी चित्पावन ब्राह्मण पंडिता. दोघींच्या घरांत, अन्नात, मानात जमीन-अस्मानाचे अंतर आहे आणि ते पुसून टाकणे हा मुक्तावर अन्याय होईल. पण दोघींना अडवणारे दार एकच होते. रमाबाईंनी उशिरा का होईना, धर्मशास्त्रे वाचून काढली आणि पुढे आपल्या धर्मांतराच्या निवेदनात लिहून ठेवले की त्या ग्रंथांत एकमेकांशी कशातच मेळ नाही, फक्त बायकांच्या हीनपणाबद्दल सगळे सहमत आहेत. १८८३ साली त्यांनी इंग्लंडमध्ये बाप्तिस्मा घेतला. पुण्यात त्याचा धक्का मोठा होता आणि आजही अनेक फेऱ्या या ठिकाणी आवाज खाली करतात. तो खाली करायचे कारण नाही. रमाबाई तिथेही कोणाच्या अंकित झाल्या नाहीत. चर्चचे अधिकारी सांगतील तो विश्वास निमूटपणे मानायला त्यांनी नकार दिला आणि वाँटेजच्या भगिनींशी पत्रांतून कडक वाद घातला. आधीच्या पुरोहितांचे जू मानेवरून उतरवल्यावर नवे जू चढवून घ्यायचे नाही, हा त्यांचा पवित्रा होता. शेवटची वर्षे त्यांनी केडगावच्या मुक्ती मिशनमध्ये, दुष्काळातून आणलेल्या बायका-मुलींमध्ये, हिब्रू आणि ग्रीक मुळांवरून बायबलचे मराठी भाषांतर करण्यात घालवली. ज्या पुस्तकावर श्रद्धा ठेवायची ते साध्या बाईला स्वतः वाचता यावे, हा त्यांचा धर्म होता.

आनंदीबाई जोशींनी याच प्रश्नाला दुसरे उत्तर दिले. अमेरिकेला निघण्यापूर्वी बंगालमधल्या श्रीरामपूरच्या सभेत त्यांनी सांगितले की हिंदू म्हणून जाईन आणि हिंदू म्हणूनच परत येईन. तसेच झाले. १८८६ च्या मार्चमध्ये त्या डॉक्टर झाल्या तेव्हा त्यांच्या दूरच्या आप्त असलेल्या पंडिता रमाबाई पदवीदानाला हजर होत्या. एक धर्म सोडलेली, दुसरी न सोडलेली, दोघी एका सभागृहात. पुढच्या वर्षी फेब्रुवारीत, वयाच्या बाविसाव्या वर्षात, आनंदीबाई पुण्यात क्षयाने गेल्या. त्यांचे पती गोपाळराव यांनीच १८९० साली पंचहौद मिशनमध्ये पुण्यातल्या प्रतिष्ठितांना जमवले, तिथे चहा-बिस्किटे आली आणि मग कोण कोण आले होते याची यादी छापून आली. धर्म चहाच्या पेल्यात बुडाला म्हणून खटला शंकराचार्यांपर्यंत गेला. त्या यादीतल्या न्यायमूर्ती रानड्यांनी पुढे प्रायश्चित्त घेतले. पुरुषांचा धर्म पेल्यावर अडला होता आणि प्रायश्चित्ताने तो परत मिळत होता. बायकांना परत मिळवायला आधी तो मिळालेला नव्हता.

फेरी गंज पेठेत, फुले वाड्यात संपते. इथे १८६३ साली बालहत्या प्रतिबंधक गृह सुरू झाले. फसवल्या गेलेल्या विधवांनी इथे गुपचूप यावे, बाळंत व्हावे आणि मूल हवे तर इथेच ठेवून जावे, अशी सोय होती. काशीबाई नावाच्या अशाच एका ब्राह्मण विधवेचा मुलगा फुले दांपत्याने दत्तक घेतला, तोच यशवंत. दार लावून घेणाऱ्या धर्माला दार उघडे ठेवून उत्तर देता येते, हे या घराने सत्तावीस वर्षे दाखवले.

मागच्या बाजूला तुळशी वृंदावन आहे. तिथे जोतीरावांच्या अस्थी आहेत. नोव्हेंबर १८९० मध्ये ते गेले तेव्हा दत्तक मुलाचा अधिकार भाऊबंदांनी नाकारला. टिटवे कोणी धरायचे यावर वाद सुरू झाला, तसे सावित्रीबाईंनी ते उचलले आणि अंत्ययात्रेच्या पुढे चालू लागल्या. बाईने स्मशानात जाऊ नये, अग्नी देऊ नये, हे त्या जमलेल्या प्रत्येकाला पाठ होते. सावित्रीबाईंनी कोणाशी वाद घातला नाही. मडके हातात घेतले आणि गंज पेठेतून निघाल्या. सहा वर्षांनंतर, १८९७ च्या प्लेगात, मुंढव्याच्या वस्तीतल्या आजारी मुलाला पाठीवर घेऊन त्या यशवंताच्या दवाखान्याकडे गेल्या. त्याच साथीने १० मार्चला त्यांचा अंत झाला.

वृंदावनापाशी पोचल्यावर बहुतेकांचे हात आपोआप जोडले जातात. कोणी चप्पल बाहेर काढून येतो, कोणी काढत नाही, आणि तिथे कोणी कोणाला अडवत नाही.