अंगणातला उलटा चंद्र

पौषातली शुद्ध अष्टमी. धान घरात आलंय. बाज अंगणातच टाका. गडचिरोली-चंद्रपूरच्या या वाघाच्या मुलखात रात्री बांधावर उगाच कुणी बसत नाही. दिवा मालवा. नऊ वाजून गेलेत, चंद्र पश्चिमेला कललाय. त्याची उजळ बाजू खाली, सूर्य गेला तिकडे. हात लांब करून करंगळी आडवी धरा. चंद्र तिच्यामागे दडतो.

आता दुर्बीण. मागे आरशाचा कोपरा असेल तर काढून ठेवा. तो वर-खाली नीट करतो, डावं-उजवं मात्र उलटंच ठेवतो. पुढचं भिंग ९०० मिलिमीटर नाभीय अंतराचं. मागचं भिंग मनातल्या मनात काढा आणि नाभीपाशी कागद धरा. त्यावर चंद्र उतरेल: जेमतेम आठ मिलिमीटरचा, धानाच्या दाण्याच्या लांबीएवढा. आणि उलटा. चंद्राच्या वरच्या कडेचा उजेड भिंगातून तिरपा खाली उतरतो, खालच्या कडेचा वर चढतो.

या दाण्यापाशी जरा थांबा. चंद्र जवळ आलेलाच नाही. नळीत त्याचं चिमुकलं चित्र पडलंय, आणि मागचं २५ मिलिमीटरचं भिंग ते न्याहाळतंय, घड्याळजी डोळ्याला लावतो तसलं. ९०० भागिले २५, म्हणजे ३६ पट. करंगळीमागे दडणारा चंद्र आता लांबवलेल्या हाताच्या वितीएवढा. १० मिलिमीटरचं भिंग लावलं तर ९० पट होईल, पण फिकट आणि थरथरता. मला ३६च बरा.

गॅलिलिओच्या १६०९च्या दुर्बिणीत मागचं भिंग अंतर्वक्र होतं; चित्र सुलटं, पण दिसायचं अगदी चिंचोळं. केप्लरनं १६११मध्ये दोन्ही भिंगं बहिर्वक्र सुचवली. दृश्य ऐसपैस झालं आणि उलटं.

गंमत पुढेच आहे. आपल्या डोळ्यातलं भिंगही जग उलटंच पाडतं. मेंदू ते निमूट सुलटं धरून चालतो. म्हणजे दुर्बिणीत उलटा दिसणारा चंद्र डोळ्याच्या पडद्यावर सुलटा पडलेला असतो. घाई नको. एक श्वास घ्या, पुन्हा डोळा लावा.

चंद्र वर निसटतोय ना? नळी खाली करा. डोळा वर म्हणेल. हाताला खालीच जाऊ द्या.

आता डोळा काढा. मागे वळून आग्नेयेला, उंच पाहा. मृगातले ते तारे, ज्यांत इथले गोंड शेतकरी नांगर पाहतात. दुर्बीण तिकडे वळवू नका. तिच्या गोलात जेमतेम दीड अंश आकाश मावतं, नांगर मावत नाही.