यमाच्या दारात अपील

आजचं वाचन आदिपर्वातलं, मांडव्य ऋषींची गोष्ट. ऋषी मौन धरून तपाला बसलेले. चोर लूट घेऊन त्यांच्याच आश्रमात लपले. शिपायांनी विचारलं, ऋषी काहीच बोलले नाहीत. मुद्देमाल आश्रमात सापडला, म्हणजे हेही चोरच! राजाने त्यांनाही सुळावर चढवलं.

इथे आपल्यातले काही जण लगेच म्हणतात, 'प्रारब्ध. भोगूनच संपतं. मग फाशी झालेल्याने हायकोर्ट, सुप्रीम कोर्ट, दयेचा अर्ज कशाला करायचा?'

पण आपल्या कायद्यात सत्र न्यायालयाने दिलेली फाशी हायकोर्टाने कायम केल्याशिवाय अमलात येतच नाही, मग आरोपी अपिलात जावो न जावो. कायदा स्वतःच्याच निकालावर शंका घेतो, हे मला फार आवडतं. आणि ती घ्यावीच लागते. 2003 साली नाशिकजवळ एका कुटुंबातल्या पाच जणांचा खून झाला. भटक्या जमातीतले सहा जण पकडले गेले, सहाही जणांना फाशी झाली. हायकोर्टाने तिघांची शिक्षा जन्मठेपेवर आणली. 2009 मध्ये सुप्रीम कोर्टाने त्या तिघांनाही पुन्हा फाशीच दिली! मग पुनर्विलोकन झालं, अपील नव्याने ऐकलं गेलं आणि मार्च 2019 मध्ये त्याच कोर्टाने सहाही जणांना निर्दोष सोडलं. त्यातला एक जण तर घटनेच्या वेळी अल्पवयीन होता.

मांडव्य सुळावरही मेले नाहीत. राजाने हात जोडले, पण सूळ निघेना, म्हणून तो कापला. टोक आतच राहिलं. ऋषी तसेच यमधर्माकडे गेले आणि विचारलं, माझं पाप कोणतं? यम म्हणाला, लहानपणी तुम्ही गवताच्या काडीने किडे टोचले होते.

आता बघा, राजापुढे मांडव्य निर्दोष होते. यमापुढे मात्र कृत्य त्यांचंच होतं. तरी त्यांनी वाद घातला: एवढ्याशा अपराधाला एवढी शिक्षा, तीही अजाण वयातल्या? फाशीच्या अपिलातही हेच दोन मुद्दे असतात. गुन्हा यानेच केला का, आणि केला असला तरी फाशीच का? 'दुर्मिळातल्या दुर्मिळ' प्रकरणातच फाशी, हे सुप्रीम कोर्टाने 1980 च्या बच्चनसिंग निकालात सांगितलं, ते या दुसऱ्या प्रश्नासाठी.

साक्षात यमाने कर्माचा हिशोब दाखवला, तोही ऋषींनी मुकाट्याने मानला नाही. उलट चौदा वर्षांपर्यंतचं कृत्य पाप धरायचं नाही अशी मर्यादा घातली आणि धर्मालाच मनुष्यजन्माचा शाप दिला. मग दुसऱ्याच्या गळ्यातल्या दोराला प्रारब्ध म्हणणारे आपण कोण?

त्या सहा जणांना पाच-पाच लाख भरपाई देण्याचा आदेश झाला. टोक आतच राहिलं असणार. आणि त्या घरातली जी बाई वाचली, तिने पोलिसांकडच्या फोटोंतून भलतेच चार जण ओळखले होते. त्या दिशेने तपासच झाला नाही. तिचं काय, हा प्रश्न दिवसभर डोक्यातून जात नाहीये.

शापित यमधर्म विदुर होऊन जन्मला. उद्या विदुराबद्दल वाचू.

राम कृष्ण हरी.