आधी अनुक्रमणिका पाहावी

कॅथलिक वाचक बायबल निवडायला बसला की बोलणे बहुधा भाषेवर येते: कोणते भाषांतर सोपे, कोणते मूळ हिब्रू-ग्रीकला धरून, कोणते कानाला गोड. हे प्रश्न रास्त आहेत, पण त्यांचा क्रम दुसरा. हाती घेतलेले बायबल पुरे आहे का, हे आधी पाहायला हवे. बायबल सोसायटीच्या नेहमीच्या मराठी ‘पवित्र शास्त्रा’त ६६ पुस्तके असतात, कॅथलिक बायबलात ७३. तोबित, युदित, ज्ञानग्रंथ, बेन सिरा, बारूख आणि मक्काबींची दोन पुस्तके पहिल्यात नसतात. एस्तेर आणि दानिएल यांतले काही भागही नसतात. हा फरक पंडितांपुरता असता, तर सामान्य वाचकाने त्याची फिकीर केली नसती तरी चालले असते. पण तो थेट उपासनेत येतो. विवाहविधीसाठी नेमलेल्या वाचनांत तोबितमधले उतारे आहेत, अंत्यविधीच्या वाचनांत ज्ञानग्रंथाचा तिसरा अध्याय आहे, आणि मृतांसाठी प्रार्थना करण्याला शास्त्राधार देणारा उतारा मक्काबींच्या दुसऱ्या पुस्तकात आहे. आईला मूठमाती देताना ऐकलेला शास्त्रपाठ घरी येऊन पुन्हा वाचावासा वाटला आणि घरातल्या बायबलात तो मिळालाच नाही, तर भाषांतर कितीही सुंदर असले तरी त्या घडीला ते अपुरे पडते.

यावर जुना आक्षेप आहे, की ही सात पुस्तके कॅथलिकांनी मागाहून घातली. ट्रेंट परिषदेने १५४६ मध्ये यादीवर अधिकृत शिक्कामोर्तब केले, आणि खुद्द संत जेरोम यांना या पुस्तकांविषयी शंका होत्या. हे दोन्ही मान्य करायला हवे. पण ३९७ च्या कार्थेज परिषदेच्या यादीत ती आहेत, आणि आरंभीच्या ख्रिस्ती समाजाने वापरलेल्या ‘सेप्टुअजिंट’ या ग्रीक जुन्या करारातूनच ती आली. कुमरानच्या गुहांत तोबितचे अरामी आणि हिब्रू तुकडे सापडल्यावर तर हे लेखन केवळ ग्रीक जगातले आहे, असे म्हणायलाही जागा उरली नाही. मार्टिन ल्यूथर यांनी १५३४ च्या जर्मन बायबलात ही पुस्तके वेगळ्या विभागात ठेवली, पण छापली. १६११ च्या ‘किंग जेम्स’ आवृत्तीतही ती होती. ब्रिटिश अँड फॉरेन बायबल सोसायटीने मात्र १८२६ मध्ये ती छापण्यासाठी पैसा न देण्याचे ठरवले. प्रोटेस्टंट बायबलांतून ती दिसेनाशी होण्यामागे धर्मशास्त्राइतकाच हा व्यवहारी निर्णयही आहे, हे आपल्याकडे फारसे कुणी सांगत नाही.

मग कॅथलिकांनी प्रोटेस्टंट विद्वानांच्या कामाला हातच लावू नये का? असे मुळीच नाही. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेच्या १९६५ च्या ‘देई व्हेर्बुम’ या दस्तऐवजाने इतर ख्रिस्ती बांधवांसोबत भाषांतर करायला वाट मोकळी केली, आणि कॅथलिक धर्मविधीसंहितेच्या ८२५ व्या कलमाने बिशपांच्या परिषदेच्या परवानगीने, योग्य टिपांसह, ते करायला मुभा दिली. भारताचेच उदाहरण बोलके आहे. ‘इंग्लिश स्टँडर्ड व्हर्जन’ हे इव्हँजेलिकल अभ्यासकांचे २००१ चे भाषांतर. त्याची ७३ पुस्तकांची कॅथलिक आवृत्ती इथल्या बिशपांनी २०१८ मध्ये मान्य केली, आणि २०२० पासून इंग्रजी उपासनेतली वाचने तिच्यातून होतात. भाषांतरकार कोणत्या पंथाचा हे तिथे आड आले नाही. पुस्तकांची यादी पूर्ण करून घेतली गेली.

अधिकृत मान्यता असली की काम झाले, असेही नाही. ती मजकूर श्रद्धेला धरून असल्याची ग्वाही देते. टिपा कितपत उपयोगी, भाषा मोठ्याने वाचताना अडखळते का, हे वाचकालाच तपासावे लागते. आणि टिपांना मी भाषेच्या गोडव्याहून जास्त महत्त्व देतो. लेवीय किंवा प्रकटीकरण टिपांशिवाय वाचणाऱ्या माणसाची उमेद दहाव्या पानावर संपते. मराठीत फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांचे ‘सुबोध बायबल’ प्रवेशासाठी जरूर घ्यावे. पंडिता रमाबाईंचे, त्यांच्या मृत्यूनंतर १९२४ मध्ये प्रसिद्ध झालेले भाषांतरही तुलनेसाठी जवळ असावे, कारण एका बाईने मूळ भाषा शिकून एकहाती केलेले ते काम मराठीचे धन आहे. ही दोन्ही जोडीची पुस्तके झाली. रोजच्या वाचनासाठी मात्र आपल्या धर्मग्रामात उपासनेला ज्यातून वाचतात, तेच ७३ पुस्तकांचे बायबल घ्यावे, म्हणजे रविवारी ऐकलेला उतारा सोमवारी त्याच शब्दांत सापडेल.